वाटपाचा हुकूमनामा मिळाला, जमीन कधी मिळणार? सामाईक शेतजमिनीबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

तालुक्याच्या कोर्टात वाटपाचे दावे चालवताना काही प्रश्न मला दर आठवड्याला ऐकू येतात. फोनवर, कोर्टाच्या व्हरांड्यात, तहसीलच्या पायऱ्यांवर. ते एकत्र करून इथे उत्तरं दिली आहेत. सगळं महाराष्ट्रातल्या शेतजमिनीला धरून आहे. माझा रोख एकाच गोष्टीवर आहे: दावा जिंकलेली माणसं हुकूमनामा, म्हणजे कोर्टाच्या निर्णयाचा अधिकृत कागद, ट्रंकेत ठेवून वाट पाहत बसतात, आणि खरं काम तिथूनच सुरू होतं.

१. निकाल आमच्या बाजूने लागला. आता सातबारा आपोआप वेगळा होईल ना?

नाही. कोर्टाने तुमचा हिस्सा किती ते ठरवलं, एक तृतीयांश किंवा एक षष्ठांश. तो हिस्सा गटात नेमका कुठे, कोणत्या बांधापासून कोणत्या बांधापर्यंत, हे अजून ठरायचं आहे. ते ठरून मोजणी झाली, ताबा मिळाला आणि फेरफार (महसूल दफ्तरातली बदलाची नोंद) मंजूर झाला की सातबारा वेगळा होतो. यातलं प्रत्येक पाऊल कुणीतरी अर्ज केल्यावरच पुढे पडतं. अर्ज वादीनेच केला पाहिजे असं नाही. वाटपाच्या दाव्यात ज्याला हिस्सा मिळाला तो प्रतिवादीसुद्धा अर्ज करू शकतो. मोठा भाऊ काही करत नाही म्हणून धाकट्याने थांबून राहायचं कारण नाही.

२. आमच्या निकालात "प्राथमिक हुकूमनामा" असं लिहिलंय. म्हणजे अजून केस संपली नाही?

वाटपाच्या दाव्यात दोन टप्पे असतात. प्राथमिक हुकूमनाम्यात हिस्से ठरतात. अंतिम हुकूमनाम्यात कोणता तुकडा कुणाला हे ठरतं. शेतसारा भरणाऱ्या जमिनीचा दुसरा टप्पा महसूल खातं पार पाडतं (प्रश्न ३). गावठाणातलं घर, मोकळी जागा असं काही असेल तर तो कोर्टातच होतो (प्रश्न १५). एकाच दाव्यात शेत आणि घर दोन्ही असतील, आणि बहुतेक वेळा असतात, तर दोन वाटा एकाच वेळी चालवाव्या लागतात. शेताचे कागद कलेक्टरकडे गेले म्हणून घराचं विसरून जाणारे पुष्कळ जण मी पाहिलेत.

प्राथमिक हुकूमनामा झाल्यावर कोर्टाने स्वतःहून पुढच्या टप्प्यासाठी तारीख लावावी, वेगळ्या अर्जाची वाट पाहू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२२ साली सांगितलं आहे. तरी अर्ज द्याच.

३. कोर्टच वाटप का करून देत नाही? कलेक्टरकडे का पाठवतात?

दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या कलम ५४ मुळे. सरकारला सारा भरणाऱ्या अविभक्त जमिनीचं सरस-निरस (जमिनीचा चांगला-वाईटपणा धरून) वाटप कलेक्टरने किंवा त्यांनी नेमलेल्या राजपत्रित अधिकाऱ्याने करायचं, असं ते कलम सांगतं. आदेश २० नियम १८ मध्येही तेच आहे. कारण साधं आहे. जमिनीचा नकाशा, आकार (साऱ्याची रक्कम), पोटखराबा (लागवडीला न येणारा भाग), पाण्याची नोंद हे सगळं महसूल आणि भूमी अभिलेख खात्याकडे असतं, आणि तुकडे पडले की साराही त्याप्रमाणे फोडावा लागतो. प्रत्यक्षात काम तहसीलदारांकडे येतं.

तहसीलदारांना तुमचा हिस्सा कमीजास्त करता येत नाही, हे पक्कं लक्षात ठेवा. "बहिणीने हक्क सोडलाय" असं कुणी तहसीलमध्ये येऊन म्हणालं तरी हुकूमनाम्यात तिचा हिस्सा असेल तर तो काढावाच लागतो.

४. कोर्टात अर्ज काय द्यायचा आणि सोबत काय जोडायचं?

ज्या कोर्टाने हुकूमनामा दिला तिथेच, कलम ५४ खाली कागद जिल्हाधिकाऱ्यांकडे पाठवावेत असा अर्ज. काही ठिकाणी तो दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) म्हणून नोंदवतात, काही ठिकाणी मूळ दाव्यातला किरकोळ अर्ज म्हणून. तुमच्या कोर्टातली रीत नाझर (कोर्टाच्या कार्यालयातला अधिकारी) किंवा वकिलांकडून समजून घ्या. सोबत निकालपत्र आणि हुकूमनाम्याची खरी नक्कल, चालू सातबारा आणि आठ-अ, वारसांचे फेरफार, गटाचा नकाशा, आणि सर्व हिस्सेदारांचे आजचे पत्ते.

अर्जाआधी एक संध्याकाळ काढा आणि हुकूमनामा व सातबारा शेजारी ठेवून ओळीवर बोट फिरवत वाचा. माझ्याकडच्या एका प्रकरणात सातबाऱ्यावर १ हेक्टर ६२ आर होतं आणि हुकूमनाम्यात टायपिंगमध्ये १ हेक्टर २६ आर पडलं होतं. कोर्टात कुणाच्या लक्षात आलं नाही. तहसीलमधून कागद "क्षेत्र जुळत नाही" असा शेरा मारून परत आले, आणि दुरुस्ती होऊन पुन्हा जाईपर्यंत आठ महिने गेले. अशी लेखनातली चूक कलम १५२ खाली कोर्टातून दुरुस्त करून मिळते. जुन्या दाव्यांमध्ये सर्व्हे नंबर असतो आणि एकत्रीकरणानंतर गट नंबर बदललेला असतो. तिथे जुना-नवा नंबर जुळवणारा उतारा आधीच जोडा.

५. कागद तहसीलमध्ये गेले. आता तिथे काय काय होतं?

आधी जिल्हाधिकारी कार्यालयातून प्रकरण तहसीलला वर्ग होतं. बरीच प्रकरणं इथेच अडकतात, कारण जावक क्रमांक कुणी विचारत नाही. कोर्टातून पत्र निघालं त्या दिवशीच जावक क्रमांक आणि तारीख लिहून घ्या, आणि त्यावरून जिल्ह्याला आवक कुठे झाली ते शोधा.

तहसीलदार सर्व हिस्सेदारांना नोटीस काढतात. नोटीस लागली नाही तर तारीख पुढे जाते, म्हणून पत्ते बरोबर हवेत. पुण्या-मुंबईला राहणाऱ्या चुलत्याला गावच्या पत्त्यावर पाठवलेली नोटीस परतच येते. मग प्रकरण उप अधीक्षक, भूमी अभिलेख यांच्याकडे मोजणीला जातं. मोजणी फी भरावी लागते. एकाने भरली तरी चालते, पावती जपून ठेवा. भूकरमापक येऊन गटाची हद्द कायम करतो, वहिवाट, विहीर, झाडं, रस्ता टिपतो, आणि हुकूमनाम्याच्या हिश्श्यांप्रमाणे फाळणीचा नकाशा आणि वाटप तक्ता तयार होतो.

मोजणीच्या दिवशी स्वतः हजर राहा. ही गोष्ट मी पोटतिडकीने सांगतोय. विहिरीचा कोपरा कुठे, जुना बांध कुठे होता, पाट कुठून जातो, हे शेतकऱ्यालाच दाखवता येतं. तुम्ही नसाल तर दुसरा भाऊ दाखवेल तेच टिपलं जाईल.

तक्त्यावर हरकती ऐकल्यावर तहसीलदार वाटपाचा आदेश देतात. मंडळ अधिकारी आणि तलाठी, ज्यांना आता ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, जागेवर ताबा देतात. पंचनामा होतो, ताबेपावतीवर सह्या होतात. भूमी अभिलेखकडून कमी-जास्त पत्रक (क्षेत्रातल्या बदलाचा तक्ता) येतं, फेरफार धरला जातो, आणि पोटहिस्से पडून सातबारे वेगळे होतात.

६. रस्त्याकडची काळी जमीन भावाला आणि माळाचा खडक मला, असं केलं तर?

म्हणूनच कागदावर "सरस-निरस मानाने" असं लिहिलेलं असतं. नुसतं क्षेत्र समान करून भागत नाही. जमिनीचा कस, पाणी आणि रस्ता बघून हिस्से जुळवायचे असतात. तक्त्याची प्रत मागून घ्या आणि हरकत लेखी द्या. "अन्याय झाला" एवढंच लिहू नका. कोणत्या तुकड्याला पाणी नाही, कोणत्याचा आकार किती, पोटखराबा कुणाच्या वाट्याला किती गेला, हे आकड्यांत लिहा. पर्यायी वाटपाचा कच्चा नकाशा जोडलात तर त्या हरकतीला वजन येतं.

आदेश झाल्यावर दाद कुठे, हे चुकीच्या प्रकारावर अवलंबून आहे. हुकूमनाम्यातले हिस्सेच पाळले नाहीत तर ज्या कोर्टाने कागद पाठवले तिथे जा. वाटपाच्या तपशिलाबद्दल तक्रार असेल तर महसुली अपिलाचा मार्ग आहे का, हे आदेशाची भाषा दाखवून वकिलांना विचारा. अपिलाच्या मुदती छोट्या असतात, म्हणून त्याच आठवड्यात विचारा.

७. विहीर एकच आहे. तिचं काय?

विहीर तोडता येत नाही, पाणी वाटता येतं. विहीर एकाच्या तुकड्यात गेली तरी पाण्यातला हिस्सा सामाईक ठेवून पाळ्या लावतात: कुणाचे किती दिवस, पाईपलाईन कुठून, मोटारीच्या दुरुस्तीचा खर्च कसा. हे सगळं वाटपाच्या आदेशात उतरलं पाहिजे. सातबाऱ्याच्या इतर हक्कात नोंदही मागा. आदेशात शब्द नसेल तर पहिल्याच उन्हाळ्यात भांडण होतं.

रस्त्याचंही तसंच. आतल्या तुकड्याला वाट ठेवून घ्या. राहिलीच तर महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १४३ खाली बांधावरून रस्ता मागता येतो. असलेली वाट अडवली असेल तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ खाली तहसीलदारांकडे जाता येतं. पण वाटपातच रस्ता आखून घेतलेला कधीही बरा.

८. आम्ही सहा जण आणि जमीन दीड एकर. तुकडेबंदीत अडकेल का?

अडकू शकतं. १९४७ च्या तुकडेबंदी कायद्याप्रमाणे प्रमाणभूत क्षेत्रापेक्षा (कायद्याने ठरवलेल्या किमान क्षेत्रापेक्षा) लहान तुकडा पडेल असं वाटप करता येत नाही, आणि हे कोर्टाच्या हुकूमनाम्यालाही लागू आहे. ऑगस्ट २०२३ च्या अधिसूचनेने राज्यातल्या बहुतेक जिल्ह्यांच्या ग्रामीण भागासाठी ही मर्यादा जिरायतीला २० गुंठे आणि बागायतीला १० गुंठे अशी खाली आणली. दीड एकर म्हणजे ६० गुंठे. सहा वाटे केले की प्रत्येकी १० गुंठे. बागायत नोंद असेल तर जेमतेम बसेल, जिरायत असेल तर नाही. म्हणून सातबाऱ्यावर विहिरीची, पाण्याची आणि पिकाची नोंद काय आहे ते आधी बघा. या कायद्यात अलीकडे बदल होत आहेत, त्यामुळे अर्जाच्या वेळी तुमच्या गावाला काय लागू आहे ते तहसीलमध्ये विचारून घ्या.

तुकडा पडत असेल म्हणून हिस्सा बुडत नाही. ज्याला जमीन देता येत नाही त्याला बाकीच्यांकडून मोबदला मिळतो. कुटुंबात दोन-तीन गट असतील तर एका गटात तिघांना आणि दुसऱ्यात तिघांना अशी मांडणी करूनही सुटका होते. प्रत्येक गटाचे सहा वाटे झालेच पाहिजेत असा नियम नाही. हे तहसीलदारांना आपणहून सुचवा.

९. ताबा द्यायला येणार आहेत आणि शेतात भावाचा ऊस उभा आहे. काय होईल?

उभं पीक पाहून बरेचदा तोडणीपर्यंत मुदत दिली जाते. ते बोलण्यावर सोडू नका. पंचनाम्यात पीक काय, कुणी लावलं, किती क्षेत्रात आहे आणि कोणत्या तारखेनंतर ताबा, हे लिहून घ्या. खोडवा ठेवणार नाही, हेही त्यातच घाला. नाहीतर तोडणीनंतर पंधरा दिवसांत फुटवे येतात आणि "आता पीक उभं आहे" हे पुढच्या वर्षी पुन्हा ऐकावं लागतं.

ताब्याच्या दिवशी हद्दीच्या खुणा रोवल्या जातील हे पाहा. चुन्याची रेघ पहिल्या पावसात जाते. दगड हवेत, आणि दगड रोवतानाचे फोटो हवेत.

१०. भाऊ काठी घेऊन बांधावर उभा राहतो. ताबा घेऊ देत नाही.

हुज्जत घालू नका. अडथळा कुणी, कसा केला याचा अहवाल आलेल्या अधिकाऱ्याकडून लिहून घ्या. महसूल खातं पोलीस बंदोबस्त मागू शकतं. कोर्टाच्या बेलिफामार्फत ताबा घेत असाल तर आदेश २१ नियम ९७ खाली अडथळा दूर करण्याचा अर्ज द्या. त्याची मुदत अडथळ्याच्या तारखेपासून फक्त ३० दिवस आहे. अडवणाऱ्याचा हक्क काय, हे कोर्ट तिथेच तपासतं. त्यासाठी वेगळा दावा लागत नाही. विनाकारण पुन्हा अडवलं तर ३० दिवसांपर्यंत दिवाणी तुरुंगात ठेवण्याचा अधिकार कोर्टाला आहे.

हुकूमनामा नीट वाचा. त्यात "संयुक्त ताबा" असेल तर आदेश २१ नियम ३५ प्रमाणे वॉरंटची प्रत जागेवर लावून आणि दवंडी देऊन कागदोपत्री ताबा मिळतो. त्याने कुणी शेतातून बाहेर निघत नाही. स्वतंत्र तुकडा हवा असेल तर वाटपाचाच हुकूमनामा लागतो.

११. समोरच्याने अपील केलंय. सगळं थांबलं का?

नुसतं अपील दाखल झाल्याने काहीही थांबत नाही. वरच्या कोर्टाने स्थगिती दिली तरच थांबतं. स्थगितीचा आदेश दाखवा म्हणा. तो नसेल तर तहसीलला लेखी कळवा की स्थगिती नाही.

उलट बाजूने एक इशारा. हिस्सा चुकीचा ठरला असं तुम्हालाच वाटत असेल तर प्राथमिक हुकूमनाम्यावरच अपील करा. जिल्हा न्यायालयात ३० दिवस, उच्च न्यायालयात ९० दिवस. तेव्हा गप्प बसलात तर अंतिम हुकूमनाम्यावरच्या अपिलात तो मुद्दा काढता येत नाही, असं कलम ९७ सांगतं.

१२. हुकूमनाम्याला पंधरा वर्षं झाली. आता काही करता येईल का?

बहुतेक वेळा येतं, पण कोणता हुकूमनामा ते बघावं लागतं. अंतिम हुकूमनामा व्हायचा असेल तर तो मागायला मुदत नाही, कारण दावा अजून चालूच धरला जातो. सर्वोच्च न्यायालयाने २००९ साली हे स्पष्ट केलं. अंतिम हुकूमनामा झाला असेल तर त्याच्या तारखेपासून १२ वर्षांत दरखास्त दिली पाहिजे. स्टॅम्प पेपरवर उशिरा उतरला म्हणून मुदत पुढे जात नाही. हुकूमनाम्याला दोन वर्षं उलटली असतील तर दरखास्तीत समोरच्यांना नोटीसही काढावी लागते.

कलम ५४ खाली कागद पाठवण्याच्या अर्जाला बारा वर्षांची मुदत लागते की नाही यावर समोरचा वकील वाद घालतोच. बारा वर्षांच्या आत अर्ज दिलात तर तो वादच उरत नाही.

१३. निकालानंतर वडील वारले. आणि बहिणीला दाव्यात घेतलंच नव्हतं. आता?

वडिलांचे वारस रेकॉर्डवर घ्या. प्राथमिक हुकूमनाम्यानंतर कुणी वारलं म्हणून वाटप संपत नाही. मृत्यूमुळे हिस्से बदलत असतील तर अंतिम वाटपाआधी कोर्ट दुसरा प्राथमिक हुकूमनामा देऊ शकतं.

बहिणीचं उत्तर मी स्पष्टच देतो. तिला वगळून केलेला हुकूमनामा तिच्यावर बंधनकारक नाही, आणि आज ना उद्या ती, नाहीतर तिची मुलं, उभी राहतीलच. हिंदू वारसा कायद्याच्या २००५ च्या दुरुस्तीने मुलीला जन्मतःच मुलाइतका हक्क आहे, आणि त्यासाठी वडील तेव्हा हयात असण्याची गरज नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी सांगितलं. २० डिसेंबर २००४ पूर्वी रीतसर झालेली वाटपं मात्र उकलत नाहीत. प्राथमिक हुकूमनामा झाला असेल पण अंतिम वाटप बाकी असेल, तर तिचा हिस्सा धरून तो बदलता येतो. तिला आत्ताच सामील करून घ्या. भावाकडून तिला मिळायचं ते तिच्या हक्काचंच आहे.

१४. दावा चालू असताना भावाने दहा गुंठे विकून टाकले. घेणाऱ्याने तारेचं कुंपणही घातलंय.

दावा प्रलंबित असताना घेतलेली जमीन हुकूमनाम्याच्या अधीन राहते (मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, कलम ५२). मुंबईसह ज्या भागांना राज्याची दुरुस्ती लागू आहे तिथे दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवलेली असणं महत्त्वाचं ठरतं, हे तपासा. घेणाऱ्याला भावापेक्षा जास्त हक्क मिळत नाही. त्याने घेतलेला कोपरा शक्य असेल तर भावाच्या वाट्यात टाकतात. शक्य नसेल तर कुंपण काढून त्याला भावाच्या वाट्यातून जमीन घ्यावी लागते. भावाने आपल्या हिश्श्यावर काढलेलं कर्जही असंच त्याला मिळालेल्या तुकड्यावर जातं.

१५. घर आणि गावठाणातली जागा?

तिथे कोर्ट कमिशनर नेमतं, तो जागा पाहून अहवाल देतो, आणि हरकती ऐकून अंतिम हुकूमनामा होतो. तो वाटपपत्रासारखाच दस्त असल्याने त्याला मुद्रांक लागतो. तीन खणांच्या घराचे पाच वाटे होत नसतील तर वाटप अधिनियम, १८९३ खाली निम्मा किंवा जास्त हिस्सा असणारे विक्री मागू शकतात, आणि बाकीचे किंमत देऊन ते हिस्से घेऊ शकतात. बाहेरच्या माणसाने राहत्या घरातला हिस्सा विकत घेऊन वाटप मागितलं तर घरच्यांना तो योग्य किमतीत परत घेण्याचा हक्क आहे.

१६. भावावर पैशाचा हुकूमनामा झालाय. सावकार आमची सगळी जमीन लिलावात काढेल का?

फक्त भावाचा अविभक्त हिस्सा जप्त होऊन विकला जाऊ शकतो. घेणाऱ्याला ठरावीक तुकड्याचा ताबा मिळत नाही, त्याला वाटप मागावं लागतं. मात्र कर्ज वडिलांचं किंवा कुटुंबाच्या गरजेचं असेल तर उत्तर बदलतं. जप्तीची नोटीस आली की लगेच आपल्या हिश्श्याची लेखी हरकत द्या.

१७. कोर्टाशिवाय, आपसात मिटवून वाटप झालं तर?

सगळ्यांची संमती असेल तर जमीन महसूल संहितेच्या कलम ८५ खाली तहसीलदार वाटप करून देतात. कुणी मालकीचाच प्रश्न काढला तर कोर्टाचा निर्णय होईपर्यंत तहसीलदारांना थांबावं लागतं. हुकूमनामा झाल्यावरही तडजोड करता येते. फक्त ती कोर्टात लेखी, सर्वांच्या सह्यांनी दाखल करा. पारावर पाच माणसांसमोर ठरलेलं वाटप पुढच्या पिढीला सिद्ध करता येत नाही.

१८. ताबा मिळाला, सातबारा वेगळा झाला. दोन वर्षांनी भावाने नांगरताना बांध सरकवला. जुनीच दरखास्त उघडू का?

ताबा मिळाल्यावर हुकूमनाम्याची पूर्तता झाली. हा नवा हल्ला आहे. आधी हद्द कायम मोजणी मागवा आणि किती सरी आत आलाय ते कागदावर आणा. तुम्हाला बेकायदा हटवलं असेल तर विशिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम ६ खाली सहा महिन्यांत ताब्याचा दावा करता येतो. तिथे मालकीचा वाद काढावा लागत नाही. मुदत गेली असेल तर मालकीवर ताब्याचा दावा करा, सोबत पुन्हा अडथळा करू नये असा मनाई हुकूम मागा. ताब्याच्या दिवसाचा पंचनामा, ताबेपावती आणि रोवलेल्या दगडांचे फोटो (प्रश्न ९) तेव्हा कामी येतात.

वाटपाआधीची वर्षानुवर्षं भावाने एकट्याने पीक खाल्लं, त्याचा हिशेब निराळा आहे. तो मूळ दाव्यात मागितला असेल आणि हुकूमनाम्यात चौकशीचा आदेश असेल तर त्यासाठी कोर्टात स्वतंत्र अर्ज द्या. तहसीलदार त्यात काही करू शकत नाहीत.